दीड मिनिटाचा सिनेमा, सातशेवीस चित्रं आणि आत्याची फिरकी

उत्तरायणाला, म्हणजे संक्रांतीला, धाब्यावर दोन प्रकारची माणसं दिसतात. पतंग उडवणारी आणि फिरकी, म्हणजे मांजा गुंडाळायचं चाक, धरणारी. (आम्ही बडोदेकर गच्चीला धाबंच म्हणतो, पुण्याचे पाहुणे हसले तरी.) माझी आत्या दुसऱ्या प्रकारातली. वयाच्या नवव्या वर्षापासून तिने भावांची फिरकी धरली, मग आम्हा भाच्यांची, आता नातवंडांची. वय अठ्ठ्याहत्तर. स्वतः एकदाही पतंग उडवला नाही. "मला उडवायचाच नव्हता," म्हणते. ते खरं की खोटं, आजवर कुणी खोदून विचारलेलं नाही.

तिच्यावर मी दीड मिनिटाचा सिनेमा केला. मी म्हणजे बडोद्याच्या रावपुऱ्यात झेरॉक्सचं दुकान चालवणारा माणूस. मदतीला फाईन आर्ट्सला शिकणारी माझी भाची, कोपऱ्यात काच तडकलेला एक फोन आणि दुकानातलं जुनं कॉपी मशीन. त्यात साधं चित्रण आहे, झेरॉक्स आहे, रांगोळी आहे, सावल्या आहेत आणि सूर्यप्रकाशात छापलेली निळी चित्रं आहेत. ज्यांनी पाहिला त्यांनी "हे केलं कसं?" असं विचारलं. कसं केलं, कुठे फसलो, आणि तुम्ही केलंत तर काय सांभाळायचं, ते इथे लिहितो.

आधी एक खुंटी ठोका

आमचा पहिला प्रयत्न भिकार होता. एक मिनिटाचा. त्यात थोडी रांगोळी, थोडी शाई, थोडा जलरंग, मध्येच कापडाचे तुकडे. कापडाच्या दुकानात नमुन्यांची वही भराभर उलटली की जसं दिसतं, अगदी तसं. प्रत्येक पान सुंदर, आणि काही लक्षात राहत नाही. भाची म्हणाली, "मामा, डोळ्याला धरायला काहीतरी दे ना."

मग ठरवलं की माध्यम हवं तेवढं बदलायचं, पण एक गोष्ट जागची हलू द्यायची नाही. आमच्यासाठी ती गोष्ट म्हणजे फिरकीचं चाक. वर्तुळ. पडद्याच्या मधोमध, रुंदीच्या एक तृतीयांश आकाराचं, आणि एकाच दिशेने फिरणारं. मग ते लाकडाचं असो, टोनरचं (झेरॉक्सच्या काळ्या पावडरीचं) असो, रांगोळीचं असो. तुमच्याकडे वर्तुळच पाहिजे असं नाही. दाराची चौकट चालेल, जिन्याची तिरकी रेघ चालेल, डावीकडून उजवीकडे जाणारा हात चालेल. पण कॅमेरा हातात घेण्याआधी ती कोणती, हे ठरलेलं असू द्या.

कुठली जागा कुठल्या माध्यमाला द्यायची हे मात्र गोष्टीवर ठरतं. निळी छपाई आकाशासाठी. झेरॉक्स वर्षांसाठी, कारण प्रतीची प्रत काढत गेलं की चित्र झिजत जातं. सावली त्या माणसासाठी, जो पतंग उडवतोय आणि जो आम्हाला दाखवायचाच नव्हता. "छान दिसतंय म्हणून" घातलेला जलरंग आम्ही काढून टाकला. वाईट वाटलं, भाचीला जास्त.

आकडेमोड

सिनेमा सेकंदाला २४ चित्रांनी चालतो. दीड मिनिटाची २,१६० चित्रं होतात. ती हाताने करायला बसलात तर चौथ्या दिवशी घरचे बोलणं बंद करतील. आम्ही सेकंदाला आठ चित्रं धरली, म्हणजे एकच चित्र तीन वेळा दाखवायचं. ९० गुणिले ८, एकूण ७२०. हालचाल थोडी धक्के खात जाते, पण हाताने केलेल्या कामाला ते शोभतं. अगदीच मऊ हालचाल हवी असेल तिथे बारा घ्या, सबंध फिल्मभर नको.

आमची वाटणी अशी झाली: आत्याच्या हातांचं साधं चित्रण १५२, झेरॉक्स २४०, रांगोळी १६०, सावली १२०, निळी छपाई ४८.

आता फिरकीच्या चाकाची गोष्ट, कारण इथे मी दोन रात्री घालवल्या. एक फेरा दोन सेकंदांत, म्हणजे सोळा चित्रांत पुरा करायचा ठरवला. ३६० भागिले १६, दर चित्राला साडेबावीस अंश. कागदावर कोनमापकाने सोळा खुणा केल्या, चाक एकेक खूण सरकवत फोटो काढले, लावून पाहिलं तर चाक फिरेचना. जागच्या जागी लुकलुकत होतं. आमच्या फिरकीला आठ आरे. दोन आऱ्यांमध्ये पंचेचाळीस अंश, आणि आमची सरक बरोबर त्याच्या निम्मी. डोळ्याला कळतच नाही की आरा पुढे गेला की मागे. जुन्या सिनेमात टांग्याची चाकं उलटी फिरताना दिसतात, त्यातलाच हा प्रकार. उपाय अगदी सोपा निघाला. एका आऱ्याला लाल पतंगाच्या कागदाची पट्टी चिकटवली. डोळा तिच्यामागे जातो. चाक, पंखा, भवरा असं काहीही फिरवणार असाल तर आरे मोजा, आणि त्यातल्या एकाला तरी खूण करा.

स्टूल, काच, बटर पेपर

स्वयंपाकघरातलं उंच स्टूल उलटं करा. चारही पाय वर. त्या पायांवर ५ मिलिमीटर जाडीची काच ठेवा. काच कापून घेताना दुकानदाराकडून कडा घासून घ्या, नाहीतर पहिला रंग रक्ताचाच लागेल. काचेखाली बटर पेपर चिकटवा, त्याखाली स्टुलाच्या पोटात एलईडी बल्ब. झाली दिव्याची पेटी. काचेच्या वर साधारण दीड फुटावर फळी, फळीला भोक, भोकावर फोन पालथा. आम्ही फळी दोन बाजूंना पिठाच्या डब्यांवर टेकवली होती.

फोनमध्ये मॅन्युअल मोड असेल तर शटर १/५० किंवा १/१०० सेकंदावर ठेवा. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची. दिवा सेकंदाला शंभरदा मिणमिणतो आणि शटर त्या तालात नसलं की चित्रावर पट्टे येतात, किंवा एक फोटो उजळ आणि दुसरा मलूल निघतो. आयएसओ (उजेड टिपण्याची तीव्रता) १००, व्हाईट बॅलन्स (रंगांची छटा) एका जागी पक्का. मॅन्युअल मोड नसेल तर पडद्यावर बोट दाबून धरून फोकस आणि उजेड कुलूपबंद करा. बटण बोटाने दाबू नका, फोन हलतो. वायरवाला इयरफोन लावून त्याचं आवाजाचं बटण दाबलं की बऱ्याच फोनमध्ये फोटो निघतो. पांढरा सदरा घालून वर वाकू नका, काचेत दिसता. आणि फोन एअरप्लेन मोडवर टाका. एकशेचाळिसाव्या चित्राला एका गिऱ्हाईकाने "लॅमिनेशन झालं का" विचारायला फोन केला. थरथरून फोन केसभर सरकला आणि तिथून पुढचं चाक पडद्याच्या मध्यातून निसटलं. ते गिऱ्हाईक अजून येतं. मी काही बोललेलो नाही.

काम रात्री करा. दिवसा खिडकीतला उजेड क्षणोक्षणी बदलतो, आणि तो बदल तिथे नाही, पडद्यावर दिसतो.

झेरॉक्स

हा माझा प्रांत, म्हणून इथे जरा रेंगाळतो.

आत्याचे हात फिरकीवर, असा तीस सेकंदांचा व्हिडिओ घेतला. त्यातून सेकंदाला आठ या हिशेबाने चित्रं काढली, काळीपांढरी केली, एका ए-४ वर दोन अशी छापली. २४० चित्रं, १२० कागद. पहिली पाच सेकंदं मूळ छपाई. पुढची पाच सेकंदं त्या छपाईची झेरॉक्स. त्यापुढे झेरॉक्सची झेरॉक्स. असं करत सहाव्या पिढीपर्यंत गेलो. राखाडी छटा आधी जातात, मग बोटांच्या रेषा, मग बांगड्या, आणि शेवटी नुसता काळा आकार आणि त्यावर टोनरचे ठिपके उरतात. फोनमधला कुठलाही "जुना लूक" याच्या जवळपास येत नाही, कारण तो सगळीकडे सारखाच झिजवतो. मशीन जिथे हवं तिथे झिजवतं.

चित्रं एकावर एक नेमकी बसावीत म्हणून ऑफिसातलं दोन भोकांचं पंच वापरा. भोकांमधलं अंतर ८० मिलिमीटर असतं, भोक ६ मिलिमीटरचं. फळीवर तेवढ्याच अंतरावर ६ मिलिमीटरचे दोन बोल्ट उभे करा, त्यात कागद अडकवा, फोटो काढा, पुढचा कागद अडकवा. पण भोकं केव्हा पाडायची? कोऱ्या कागदाला आधी पाडलीत तर मशीन कागद ओढताना मिलिमीटरभर इकडेतिकडे करतं आणि चित्र थरथरतं. छापून झाल्यावर, दिव्याच्या पेटीवर, चित्रासोबतच कोपऱ्यांत छापलेल्या फुल्या जुळवून पाडलीत तर चित्र स्थिर राहतं. आम्ही दोन्ही केलं. सुरुवातीला स्थिर, शेवटच्या पिढीत थरथर.

दुसरी गंमत म्हणजे खरी फिरकीच मशीनच्या काचेवर ठेवायची. काचेवर आधी ओएचपीची पारदर्शक शीट टाका, ओरखडे नकोत. फिरकीवर काळं कापड टाका, झाकण उघडंच राहू द्या, आणि दिव्याची पट्टी सरकत असताना फिरकी हळूच फिरवा. चाक गोगलगायीसारखं ओढलं जातं. दिव्याकडे टक लावून बघू नका. हे जुन्या, भिंगवाल्या सीसीडी मशीनवर चांगलं होतं. नव्या चपट्या स्कॅनरचा नजरटप्पा फार उथळ, काचेला न टेकलेलं सगळं धुरकट येतं. म्हणून जुनं मशीन भंगारात देऊ नका. बायको म्हणते, हे कारण मी तिला दर दिवाळीला देतो.

प्रतींवर भाचीने तेलखडूने एकाच रंगाचा, गुलाबी, दोरा काढला. उत्तरायणाआधी रस्त्याकडेला मांजा रंगवणारे बसतात, त्यांच्या हातावरचा गुलाबी.

रांगोळी, जी पांढरीही असते आणि काळीही

काळ्या फरशीवर रांगोळी पांढरी दिसते, हे सगळ्यांना माहीत. तीच रांगोळी दिव्याच्या पेटीवर टाका. उजेड खालून येतो आणि रांगोळी काळी दिसते. आमच्या फिल्ममधली मला सर्वात आवडती दोन सेकंदं इथली. बटर पेपर काढून काचेखाली काळा कागद सरकवला, वरून टेबललॅम्प लावला, रांगोळीचं पांढरं चाक फिरवत आणलं. मग कणही न हलवता वरचा दिवा बंद केला, काळा कागद ओढून घेतला, बटर पेपर परत सरकवला, खालचा दिवा लावला. तेच चाक क्षणात काळं झालं. दिवस मावळला. दोन्ही दिव्यांचा उजेड वेगळा असल्याने एक्सपोजर (किती उजेड घ्यायचा ते) दोनदा पक्कं करावं लागतं, ते आधी कोऱ्या काचेवर करून लिहून ठेवा.

रांगोळी सरकवायला बोट नको, मऊ ब्रश आणि व्हिजिटिंग कार्डाची कड. पंखा बंद. आम्ही हे मे महिन्यात केलं, आणि मे महिन्यात बडोद्यात पंखा बंद करणं ही कलेची खरी परीक्षा आहे. शिंकेची भीती असेल तर नाकाला रुमाल बांधा.

सावली

पांढरी चादर ताणून बांधा, मागे एकच दिवा. दिवा जितका लहान, तितकी सावलीची कड धारदार. फोनचा टॉर्च ट्यूबलाइटपेक्षा हजारपट बरा. दिव्यासमोर पतंगाचा कागद धरा. आपल्याकडे संक्रांतीनंतर फाटक्या पतंगांचा ढीग पडतो, त्याहून स्वस्त रंगीत जिलेटिन कुठे मिळणार? उभी काडी आणि कमान काढून ठेवा, सावलीसाठी कापलेले आकार हलवायला त्या कामी येतात.

निळं आकाश

ही निळी छपाई म्हणजे सायनोटाइप, जॉन हर्शेलने १८४२ मध्ये शोधलेली. दोन पावडरी लागतात, फेरिक अमोनियम सायट्रेट आणि पोटॅशियम फेरिसायनाइड. पहिली २५ ग्रॅम १०० मिलिलिटर पाण्यात, दुसरी १० ग्रॅम १०० मिलिलिटर पाण्यात, वेगवेगळ्या गडद बाटल्यांत. वापरताना समसमान मिसळा, मंद पिवळ्या बल्बच्या उजेडात जाड कागदावर ब्रशने फासा, अंधारात वाळवा. हातमोजे घाला, स्वयंपाकाची भांडी घेऊ नका, आणि आम्लाजवळ नेऊ नका.

ओएचपी शीटवर चित्रांची निगेटिव्ह छापा, एका ए-४ वर बारा. लेझरचा काळा पुरेसा दाट नसतो, म्हणून त्याच दोन शीट एकावर एक जुळवा. कागदावर शीट, वर काच, आणि चला धाब्यावर. मे महिन्याच्या दुपारी आम्हाला सात मिनिटं पुरली, पावसाळी ढगांत पंचवीस लागली. कागद हिरवट-राखाडी झाला की आत आणून साध्या पाण्यात, पिवळं पाणी निघणं थांबेपर्यंत धुवा. सुकताना निळा गडद होतो. ४८ चित्रं, चार कागद, सहा सेकंदं आकाश. मग कागद स्कॅनरवर ६०० डीपीआयला (इंचाला ६०० ठिपके) घेऊन कोपऱ्यातल्या खुणांवरून बारा तुकडे करा.

आमचा पहिला कागद मी "स्वच्छ निघावा" म्हणून धुण्याच्या सोड्याच्या पाण्यात टाकला. निळा रंग डोळ्यांदेखत पिवळट पडला. अल्कलीत तो टिकत नाही. साबण, सोडा, काही नको.

थोडं मागे

हे सगळं आम्ही शोधलं असं समजू नका. दादासाहेब फाळके बडोद्याच्या कलाभवनात शिकले. पुढे १९१२ मध्ये, पहिला कथापट करण्याआधी, त्यांनी कुंडीतल्या वाटाण्याचं रोप रोज थोडं थोडं टिपून 'अंकुराची वाढ' दाखवली. एकेक चित्र, वाट बघणं, पुन्हा एक चित्र. चित्रकार भूपेन खख्खर १९६२ मध्ये बडोद्यात आले, पेशाने चार्टर्ड अकाउंटंट, आणि बाजारात मिळणारी देवादिकांची छापील चित्रं कापून कोलाज करू लागले. झेरॉक्सवाल्याला यातून फार धीर येतो. आणि चित्रं शेजारी-शेजारी कशी बसतात ते पाहायचं असेल तर बडोद्यातल्या तांबेकर वाड्यात, तिथली भिंतीचित्रं बघायला जा. युद्ध, कृष्णलीला, दरबार, सगळं एकाच भिंतीवर, फक्त रेघांच्या चौकटींनी वेगळं केलेलं. आम्ही तिथे तासभर नुसते उभे होतो, मान दुखेपर्यंत.

जोडणी आणि आवाज

फाईलांना ०००१ पासून क्रमांक द्या, माध्यमाप्रमाणे वेगळे फोल्डर. जोडायला डाविंची रिझॉल्व्ह या संकलनाच्या सॉफ्टवेअरची फुकट आवृत्ती पुरते. लॅपटॉपच्या पडद्यावर ओएचपी शीट चिकटवून मार्करने वर्तुळ काढा आणि प्रत्येक तुकडा त्यात बसतो का ते बघा. रांगोळीपासून झेरॉक्सवर जाताना एकात दुसरं विरघळवू नका. लाल पट्टी जिथे होती त्याच कोनावर थेट कापा. सांधा दिसू द्या. विरघळवलं की दोन्ही माध्यमांचा चिखल होतो.

आवाजासाठी फोन फिरकीच्या दांड्यालाच रबराने बांधून ध्वनिमुद्रण करा. लाकडातून येणारी घरघर हवेतून येणाऱ्यापेक्षा कितीतरी जाड असते. कोकणातल्या पिंगुळीचे चित्रकथी, म्हणजे चित्रं दाखवत गोष्ट सांगणारे, एकामागे एक चित्रं उलटतात आणि ती बांधली जातात ती सांगणाऱ्याच्या आवाजाने. आमच्याकडे ते काम आत्याने केलं. तिला लिहून काही दिलं नव्हतं. फिरकी हातात दिली आणि ती आपोआप बोलायला लागली, "ढील दे… ढील दे… अरे, खेच." दीड मिनिटात तेवढंच बोलणं आहे.

धाब्यावर

पाण्याच्या टाकीला चादर बांधून दाखवला. शेजारचे, आमचे, वीसेक जण. आत्याने दोनदा बघितला. मग म्हणाली, "सावलीत मी लपेटतेय का रे? आधी तर ढील देत होते."

मी आणि भाची एकमेकांकडे बघत राहिलो. सावल्या आम्ही चादरीच्या मागून टिपल्या होत्या, दिव्याच्या बाजूने. तिथून सगळं आरशासारखं उलटं येतं, सोडलेला दोरा गुंडाळल्यासारखा दिसतो. बाकी चार माध्यमांत चाक एका दिशेला आणि या १२० चित्रांत दुसऱ्या. सातशेवीस चित्रं मोजून काढणाऱ्या दोघांना दिसलं नाही, ते हिला एका नजरेत दिसलं. तुम्ही सावली त्या बाजूने टिपत असाल तर जोडताना ती आडवी उलटवून घ्या, एका बटणाचं काम आहे.

मी बटण दाबणारच होतो. आत्या म्हणाली, "राहू दे. पतंग कापला गेला की मी लपेटतेच की."

मग ते तसंच ठेवलं. फक्त सावलीच्या आधी आठ चित्रं वाढवली: गुलाबी दोरा सैल पडून पडद्याच्या कडेने खाली घसरतोय. एकूण ७२८.